युद्ध सुरू झालं, टीव्ही लावला : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

२०२५च्या मे महिन्यात भारत-पाकिस्तान आणि जूनमध्ये इस्रायल-इराण, अशी दोन युद्धं लागोपाठ आपण दिवाणखान्यात बसून पाहिली. त्या काळात गोव्यात फोंड्यातल्या आमच्या वाचनालयात पेपर वाचायला येणारी मंडळी रोज काही ना काही विचारत होती. कुणाचा मुलगा दोह्यात, कुणाचा जावई टँकरवर, तर कुणाला नुसतं कुतूहल. तेच प्रश्न इथे एकत्र केले आहेत. उत्तरं लिहिणाऱ्याने वर्तमानपत्राच्या डेस्कवर पुष्कळ रात्रपाळ्या केल्या आहेत, त्यामुळे टीव्हीबद्दल त्याच्या मनात थोडा आकस आहे. तेवढी सूट धरून वाचावं.

पहिल्या दिवशी टीव्ही सांगतो त्यातलं किती खरं धरायचं?

युद्ध सुरू झालं ही बातमी बहुतेक वेळा खरी निघते. घोळ होतो तो पुढच्या तपशिलात. कुठे, किती आणि कोणी, या तिन्ही गोष्टी सुरुवातीचे काही दिवस कच्च्याच असतात.

१७ जानेवारी १९९१ला पहाटे इराकच्या राजधानीवर, बगदादवर, अमेरिकी आघाडीचे बॉम्ब पडायला लागले तेव्हा सीएनएनचे बर्नार्ड शॉ, जॉन हॉलिमन आणि पीटर आर्नेट अल रशीद हॉटेलच्या खोलीत होते. पहिल्या काही तासांत त्यांच्याकडे थेट चित्रही नव्हतं, फक्त आवाज पोचत होता. खिडकीतून काय दिसतंय, कुठल्या बाजूने आवाज येतोय, एवढंच ते सांगत राहिले. ते वार्तांकन आजही टिकून आहे, कारण खिडकीपलीकडचं काही त्यांनी फारसं सांगितलंच नाही. लगेच दुसऱ्या रात्री इराकची स्कड क्षेपणास्त्रं इस्रायलवर पडली आणि अमेरिकेतल्या स्टुडिओंमधून विषारी वायूचा हल्ला झाल्याचं सांगितलं गेलं. प्रत्यक्षात ती साधी स्फोटकं होती.

२००३ साली अमेरिकेने इराकवर पुन्हा हल्ला केला तेव्हा तर उम्म कस्र नावाचं छोटंसं इराकी बंदर पहिल्या आठवड्यात पुन्हा पुन्हा ‘पडलं’. प्रत्येक वेळी बातमी नवी, आणि प्रत्येक वेळी तिथे लढाई चालूच. बसऱ्याजवळची इराकची अख्खी ५१वी डिव्हिजन शरण आल्याचंही जाहीर झालं होतं. त्यानंतरही तिचे सैनिक लढत होते. बसऱ्यात लोकांनी उठाव केल्याचं टीव्हीवर दोन दिवस चाललं, आणि मग ते कुठे विरून गेलं कळलंच नाही. ‘तसं काही झालं नव्हतं’ हे कुणी त्याच आवाजात सांगितलं नाही.

८ मे २०२५च्या रात्री नेमकं काय झालं होतं?

हा प्रश्न सगळ्यात जास्त वेळा आला, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

७ मेच्या पहाटे भारताने ‘ऑपरेशन सिंदूर’मध्ये पाकिस्तान आणि पाकव्याप्त काश्मीरमधल्या नऊ ठिकाणांवर हल्ले केले. ते खरं होतं, सरकारने स्वतः सांगितलं होतं. ८च्या रात्री सीमेवर ड्रोन आणि गोळाबार चालू होता, तेही खरं. पण त्या रात्री अनेक राष्ट्रीय वाहिन्यांवर याहून फार वेगळं युद्ध चाललं होतं. भारतीय नौदलाने कराची बंदर उद्ध्वस्त केलं, सैन्य इस्लामाबादेत शिरलं, पाकिस्तानच्या लष्करप्रमुखांविरुद्ध बंड झालं. यातलं काहीही झालेलं नव्हतं.

कराचीची बातमी गोव्यात विशेष लागली, कारण नौदल म्हटलं की वास्कोत प्रत्येकाच्या ओळखीचं कुणीतरी निघतंच. त्या रात्री कित्येक घरं झोपली नाहीत. त्यात कराची पोर्ट ट्रस्टच्या एक्स खात्यावरूनच नुकसान झाल्याचा मजकूर आला. खातं हॅक झालं होतं असं त्यांनी नंतर सांगितलं, पण तोवर तो मजकूर ‘पुरावा’ झाला होता. कराची जळतेय म्हणून फिरलेल्या दृश्यांत अमेरिकेतल्या फिलाडेल्फियात काही महिन्यांपूर्वी कोसळलेल्या विमानाची दृश्यंही होती.

खरं काय होतं ते ११ मेला तिन्ही दलांच्या पत्रकार परिषदेत कळलं. व्हाइस ॲडमिरल ए. एन. प्रमोद यांनी सांगितलं की नौदल समुद्रात पूर्ण तयारीनिशी होतं आणि कराचीसह निवडक लक्ष्यांवर हल्ला करण्याच्या स्थितीत होतं. म्हणजे तयारी होती, हल्ला केला नव्हता. या दोन्हींत जेवढं अंतर आहे, तेवढ्या अंतरात वाहिन्यांनी एक अख्खी रात्र काढली.

पलीकडेही तेच. पाकिस्तानी वाहिन्या आणि समाजमाध्यमांवर भारतीय विमानं पाडल्याचे पुरावे म्हणून २०२१ साली पंजाबात मोग्याजवळ कोसळलेल्या मिग-२१चे फोटो फिरले. पंजाबातल्या आदमपूर हवाईतळावरची एस-४०० ही हवाई संरक्षण यंत्रणा नष्ट केल्याचा दावा झाला. १३ मेला पंतप्रधान त्याच तळावर गेले आणि मागे ती यंत्रणा उभी दिसली.

यातली एक गोष्ट मात्र हसून सोडून देण्यासारखी नव्हती. पुंछमध्ये गोळाबारात मारल्या गेलेल्या एका मदरशाच्या शिक्षकाला काही वाहिन्यांनी दहशतवादी ठरवलं. पोलिसांना जाहीर खुलासा करावा लागला. कराची आपली आपण दुसऱ्या दिवशी उभी राहिली, त्या शिक्षकाच्या घरच्यांचं तसं नाही.

वाहिन्या मुद्दाम खोटं दाखवतात का?

कधी कधी हो. पण मी पाहिलेल्या धंद्यावरून सांगतो, बहुतेक वेळा त्यांना काही माहीत नसतं, आणि माहीत नाही असं म्हणायची सोय त्यांच्याकडे नसते. वर्तमानपत्राची पानं रात्री एकदा भरली की सुटका. टीव्हीचं पान भरतच नाही. युद्धाच्या पहिल्या दिवशी जाहिरातीसुद्धा कमी होतात, म्हणजे भरायची वेळ आणखी वाढते. आघाडीवर वार्ताहराला कुणी जाऊ देत नाही. उरतात एक नकाशा, दोन निवृत्त अधिकारी, एक अँकर आणि खाली पळणारी पट्टी.

पट्टीचं काम कसं चालतं ते कळलं की बरंच कळतं. डेस्कवरच्या मुलाच्या समोर इतर सात-आठ वाहिन्यांचे पडदे लावलेले असतात. एकावर काही झळकलं की दोन मिनिटांत आपल्याकडे का नाही म्हणून वरून फोन येतो. तो मुलगा खातरजमा कुठून करणार, रात्री पावणेबाराला? तो ‘सूत्रांच्या हवाल्याने’ जोडतो आणि टाकतो. मग पहिल्या वाहिनीला वाटतं, दुसऱ्यांकडेही आहे म्हणजे पक्कंच असणार. अशी एकाच अफवेची दहा ठिकाणी बातमी होते, आणि तुम्ही चॅनेल बदलून बदलून ताडून बघता तेव्हा ती दहाही ठिकाणी ‘कन्फर्म’ झालेली दिसते.

‘सूत्र’ म्हणजे कोण?

मंत्रालयातला खरा अधिकारी असू शकतो. एखाद्या वार्ताहराचा व्हॉट्सॲप ग्रुपही असू शकतो. सूत्र कोणत्या खात्यातलं एवढंही सांगितलं नसेल तर ती बातमी न ऐकल्यासारखी करावी.

डोळ्यांनी पाहिलेलं फुटेज खोटं कसं असेल?

तीन प्रकारांनी, आणि तिन्ही वेगवेगळे आहेत.

पहिला प्रकार म्हणजे फुटेज भलतंच असतं. जुनं, दुसऱ्या देशातलं, नाहीतर चक्क व्हिडिओ गेममधलं. ‘आर्मा ३’ नावाचा गेम या कामात इतक्यांदा वापरला गेला की तो बनवणाऱ्या चेक कंपनीला २०२२मध्ये निवेदन काढून ओळखायच्या खुणा सांगाव्या लागल्या. अंधारातलं, अस्पष्ट, हलणारं चित्र, आवाज नाही, माणूस कुठेच दिसत नाही. युक्रेनमध्ये पहिल्याच दिवशी गाजलेला ‘घोस्ट ऑफ कीव्ह’ हा एकटा वैमानिक आठवत असेल. त्याची सर्वांत जास्त फिरलेली क्लिप विमानांच्या एका सिम्युलेटर गेममधली होती, आणि असा कुणी एक माणूस नाही हे युक्रेनच्या हवाईदलाने एप्रिल २०२२च्या अखेरीस मान्य केलं.

दुसऱ्या प्रकारात फुटेज खरं, पण चौकट लहान. ९ एप्रिल २००३ला बगदादच्या फिरदौस चौकात सद्दामचा पुतळा पडला तो जगाने थेट पाहिला. जवळून घेतलेल्या दृश्यांत चौक माणसांनी फुललेला वाटत होता. लांबून घेतलेल्या दृश्यांत चौकाचा बराच भाग मोकळा दिसतो. आणि पुतळा ओढला तो अमेरिकी मरीनच्या वाहनाने. दृश्यात खोटं काही नव्हतं. कॅमेरा किती जवळ उभा करायचा, एवढाच निर्णय होता.

तिसरा प्रकार सगळ्यात फसवा. फुटेज खरं, जागा खरी, वेळही खरी, पण आपण त्यावरून काढलेला अर्थ चुकीचा. १९९१मध्ये स्कड हवेतच पाडायला सोडलेलं अमेरिकेचं पॅट्रियट क्षेपणास्त्र रात्रीच्या आकाशात वर जायचं, स्फोट व्हायचा, आणि स्कड पाडलं म्हणून टाळ्या. राष्ट्राध्यक्ष बुश यांनी तर ४२ पैकी ४१ पाडल्याचं जाहीर केलं. युद्धानंतर तपासणी झाली तेव्हा लष्करालाच हे आकडे खूप खाली आणावे लागले. आकाशातला स्फोट खरा होता, पण तो नेमका कशाचा हे खालून दिसत नाही. त्याच युद्धात चिमणीतून अचूक आत शिरणाऱ्या बॉम्बची चित्रं आपण रोज पाहिली. टाकलेल्या एकूण बॉम्बमध्ये असे मार्गदर्शित बॉम्ब वजनाने दहा टक्क्यांहूनही कमी होते. बाकीच्यांना कॅमेरा नव्हता.

घरी बसून तपासायचं तर पडद्याच्या कोपऱ्यात ‘फाइल’ किंवा ‘प्रातिनिधिक दृश्य’ लिहिलंय का ते आधी बघा. तेच दृश्य पंधरा मिनिटांत पाच वेळा आलं तर वाहिनीकडे दुसरं काही नाही हे समजा. फोनवर स्क्रीनशॉट घेऊन गूगल लेन्समध्ये टाकला तर जुनं फुटेज पुष्कळदा तिथल्या तिथे सापडतं. नातवंडांना सांगा, त्यांना येतं.

वार्ताहर स्वतः रणगाड्यावर बसून बोलतो, मग तरी खरं ना?

तो बघतो तेवढं खरं. २००३मध्ये अमेरिकेने सहाशेच्या वर पत्रकार आपल्या तुकड्यांबरोबर पाठवले, ‘एम्बेडेड’ म्हणून. ते सैनिकांच्याच गाडीत फिरायचे, त्यांचंच अन्न खायचे, आणि जीवही त्यांच्याच हातात. वाळवंटातून धावणाऱ्या तुकडीचं थेट चित्र त्याआधी कुणी पाहिलं नव्हतं. पण ती गाडी ज्या घरासमोरून गेली त्या घरात काय चाललंय हे त्यातून दिसत नाही. आणि नियम मोडला की हकालपट्टी. एका अमेरिकी वाहिनीच्या प्रसिद्ध वार्ताहराने थेट प्रक्षेपणात वाळूत नकाशा काढून आपली तुकडी कुठे आहे ते दाखवलं, तेव्हा त्याला इराकबाहेर जावं लागलं.

उलट टोकाचं उदाहरण १९८२चं फॉकलंड बेटांवरचं ब्रिटन-अर्जेंटिना युद्ध. तिथून ब्रिटनला चित्रं पोचायला कधी कधी आठवडे लागले. विमानं किती गेली हे सांगायला लष्कराची मनाई होती. तेव्हा बीबीसीचे ब्रायन हॅनरहान एवढंच म्हणाले की जाताना मी सगळी मोजली आणि परत येतानाही सगळी मोजली. एकही पडलं नाही हे प्रेक्षकांना कळलं, आणि नियमही मोडला नाही. थोडक्यात सांगायला डोकं जास्त लागतं.

मग सरकारी पत्रकार परिषदच ऐकावी का?

ऐकावी, आणि काय सांगितलं नाही तेही ऐकावं. मे २०२५मध्ये परराष्ट्र सचिव विक्रम मिस्री, कर्नल सोफिया कुरेशी आणि विंग कमांडर व्योमिका सिंग यांची निवेदनं त्या आठवड्यातली सर्वांत शांत आणि भरवशाची गोष्ट होती, असं माझं मत आहे. वेळ, ठिकाण, लक्ष्य, बस. पण आपलं नुकसान किती, हे कोणतंही सरकार पहिल्या आठवड्यात सांगत नाही. भारताचीही लढाऊ विमानं पडली हे संरक्षण दलप्रमुख जनरल अनिल चौहान यांनी ३१ मेला सिंगापुरात मान्य केलं, तेही आकडा न देता. तोवर एका बाजूला ‘एकही नाही’ आणि दुसऱ्या बाजूला ‘इतकी इतकी’ अशी दोन्ही टोकं टीव्हीवर खात्रीने चालली होती.

आणि सरकारी म्हणजे खरं असंही नाही. २००३चे इराकचे माहितीमंत्री मोहम्मद सईद अल सह्हाफ अमेरिकी रणगाडे शहरात शिरले तरी कुणीही आलेलं नाही असं कॅमेऱ्यासमोर सांगत होते. युक्रेनच्या सरकारनेही २०२२मध्ये काळ्या समुद्रातल्या स्नेक आयलंड या बेटावरचे १३ सैनिक वीरमरण पावल्याचं पहिल्याच दिवशी सांगितलं. काही दिवसांत ते जिवंत आहेत आणि रशियाच्या कैदेत आहेत हे कळलं. त्यांच्या घरच्यांनी ते दिवस कसे काढले असतील!

माझा मुलगा आखातात आहे. रात्रभर टीव्ही बघत बसू का?

बघू नका. हे सांगणं सोपं आणि करणं अवघड, ठाऊक आहे. तरी कारण सांगतो.

२३ जून २०२५ला आपल्याकडे रात्रीचे दहा वाजून गेले असताना इराणने कतारमधल्या अल उदेद या अमेरिकी तळावर क्षेपणास्त्रं सोडली. कतारने हवाई हद्द बंद केली. गोव्यातल्या कितीतरी घरांत त्या क्षणी फोन सुरू झाले असतील. टीव्हीवर दोहा पेटल्यासारखं वातावरण होतं. खरं तर बहुतेक क्षेपणास्त्रं वरच्यावर अडवली गेली, कुणी दगावलं नाही, आणि काही तासांतच हवाई हद्द पुन्हा उघडली. मुलाचा एक ‘मी ठीक आहे’ हा मेसेज त्या रात्री सगळ्या वाहिन्यांपेक्षा जास्त कामाचा होता.

म्हणून आधी ठरवून ठेवा. एकाने फोन करायचा, बाकीच्यांनी नाही, कारण सगळे एकदम करायला लागले की लाइन कुणालाच लागत नाही. फोनपेक्षा साधा मेसेज लवकर जातो. त्याचा पासपोर्ट क्रमांक, कंपनीचं नाव, राहण्याचा पत्ता घरात कागदावर लिहून ठेवा, मोबाइलमध्ये नको. त्या देशातल्या भारतीय दूतावासाचं अधिकृत खातं आणि परराष्ट्र मंत्रालयाचं ‘मदद’ पोर्टल, एवढ्या दोन ठिकाणच्या सूचना धरून चाला. पणजीत अनिवासी भारतीयांसाठी राज्य सरकारचं स्वतंत्र कार्यालय आहे, तिथे नोंद करून ठेवलेली बरी. आणि मुलाला सांगा की क्षेपणास्त्राचा व्हिडिओ काढून आपल्याला पाठवू नको. आखाती देशांत त्यासाठी पकडतात.

तारवटी माणसांचं काय? जहाजाची बातमी कशी मिळवायची?

टीव्हीवर ‘होर्मुझ बंद’ असं दिसलं की छातीत धस्स होतं. २२ जून २०२५ला इराणच्या संसदेने आखाताच्या तोंडाशी असलेली ही सामुद्रधुनी बंद करण्याच्या बाजूने कौल दिला आणि पुष्कळ ठिकाणी ती बंद झालीच असं दाखवलं गेलं. अंतिम निर्णय संसदेच्या हातात नव्हता, आणि त्या युद्धात जहाजं जातच होती.

जहाजाचा ठावठिकाणा दाखवणारी ॲप आता सगळ्यांच्या फोनमध्ये आहेत. युद्धक्षेत्रात त्यांच्यावर विसंबू नका. जीपीएस जॅमिंगमुळे जहाज कधी वाळवंटाच्या मधोमध दिसतं, कधी गोल गोल फिरताना दिसतं. काही वेळा कॅप्टन सुरक्षेसाठी सिग्नल बंदच ठेवतो. पडद्यावरून जहाज नाहीसं झालं म्हणजे बुडालं असं नाही. ज्या मॅनिंग एजन्सीमार्फत माणूस गेला तिला कंपनीकडून रोज खबर असते. त्यांच्याकडे हक्काने विचारा, आणि उत्तर मिळालं नाही तर डीजी शिपिंगकडे, म्हणजे केंद्राच्या जहाजवाहतूक महासंचालनालयाकडे, जा. एप्रिल २०२४मध्ये ‘एमएससी एरीज’ इराणने ताब्यात घेतलं तेव्हा त्यावर १७ भारतीय होते. त्यांची सुटका टप्प्याटप्प्याने झाली, आणि ती दूतावासामार्फतच.

१९९०मध्ये कुवेतच्या वेळी लोक काय करत होते?

वाट बघत होते. २ ऑगस्टला इराकने कुवेत घेतलं आणि तिथली टेलिफोन लाइन गेली. हजारो गोंयकार तिथे होते. टीव्ही म्हणजे दूरदर्शन, रात्रीच्या बातम्यांत काही मिनिटं. बाकी भरवसा बीबीसीच्या रेडिओवर आणि जॉर्डनमार्गे आलेल्या कुणाच्या तरी निरोपावर. अम्मानहून एअर इंडियाने लाखाहून जास्त भारतीयांना परत आणलं, तेव्हा माणूस दारात उभा राहिला तीच पहिली पक्की बातमी.

टीव्ही त्या वेळी थोडं सांगत होता, पण त्याच काळातली सगळ्यात मोठी फसवणूक टीव्हीवरच झाली. ऑक्टोबर १९९०मध्ये एका १५ वर्षांच्या कुवेती मुलीने अमेरिकेत रडत साक्ष दिली की इराकी सैनिकांनी इस्पितळात नवजात बाळांना काचेच्या पेट्यांतून काढून जमिनीवर टाकलं. ती कुवेतच्या राजदूतांचीच मुलगी होती आणि साक्षीमागे एक जनसंपर्क कंपनी होती, हे जानेवारी १९९२मध्ये कळलं. युद्ध तोवर संपून गेलं होतं.

टीव्ही केंद्रांवर हल्ले का होतात?

याचं उत्तर गोव्यात जुनं आहे. १८ डिसेंबर १९६१ला सकाळी भारतीय हवाईदलाच्या कॅनबेरा विमानांनी दाबोळीची धावपट्टी फोडली आणि हंटर विमानांनी बांबोळीचं वायरलेस केंद्र. शत्रूचा आवाज आधी बंद करायचा, ही रीत तेव्हाही होती. पोर्तुगीज रेडिओला उत्तर म्हणून १९५५पासून जंगलातून गुप्त नभोवाणी चालवणारे वामन सरदेसाई आणि लिबिया लोबो यांनी मुक्तीची बातमी विमानातून ध्वनिक्षेपकावरून सांगितली.

पुढे एप्रिल १९९९मध्ये नाटोने बेलग्रेडचं सरकारी टीव्ही केंद्र बॉम्बने उडवलं, त्यात १६ कर्मचारी मेले. १६ जून २०२५ला तेहरानच्या सरकारी वाहिनीवर इस्रायलचा हल्ला थेट प्रक्षेपण चालू असतानाच झाला. स्टुडिओ हादरला, निवेदिका उठून गेली आणि थोड्याच वेळात पुन्हा पडद्यावर आली. इथे बातमी देणारे आणि बातमीतले लोक एकच होते. टीव्ही केंद्राची माणसं नागरिकच असतात, आणि केंद्र प्रचार करतं एवढ्यावरून ते लष्करी लक्ष्य होत नाही, या बाजूचा मी आहे.

अँकरमागे सायरन वाजतो तो खरा असतो का?

नसतो. १० मे २०२५ला केंद्राच्या नागरी संरक्षण महासंचालनालयाने वाहिन्यांना तो आवाज कार्यक्रमांत वापरू नका असं सांगितलं. लोकांना त्याची सवय झाली तर खरा वाजेल तेव्हा कुणी उठणार नाही.

वास्कोला युद्धनौका किंवा लढाऊ विमानं जाताना दिसली, व्हिडिओ टाकला तर?

टाकू नका. दाबोळी हा नौदलाचा आयएनएस हंसा तळ आहे, मिग-२९के तिथून उडतात. प्रवासी विमानातूनसुद्धा तिथे फोटो काढायला मनाई असते. संरक्षण दलांच्या हालचाली थेट दाखवू नयेत ही सूचना २६ एप्रिल २०२५ला निघाली, त्यात कारगिल, कंदाहार आणि २६/११ची आठवण मुद्दाम दिली होती. २६/११ला ताज आणि ओबेरॉयबाहेरच्या कमांडोंच्या हालचाली पाकिस्तानात बसलेले सूत्रधार टीव्हीवर बघत होते. सर्वोच्च न्यायालयाने २०१२च्या कसाब निकालात त्या वार्तांकनाला कडक शब्दांत फटकारलं. पुढे केबल नियमांत ६(१)(पी) हे कलम आलं : दहशतवादविरोधी कारवाई चालू असताना थेट प्रक्षेपण नाही, फक्त नेमलेल्या अधिकाऱ्याचं ठरावीक वेळेचं निवेदन.

नियम वाहिन्यांसाठी आहे, पण तुमच्या गच्चीवरून काढलेली रील वाहिनीपेक्षा लवकर सीमेपार पोचते.

मग बघायचं काय? मराठी, हिंदी की इंग्रजी?

भाषेवर काही नाही. मराठी वाहिन्यांचा परदेशातला मजकूर बहुतेक हिंदी-इंग्रजीवरूनच येतो, म्हणून तिथे वेगळं काही मिळेल अशी आशा ठेवू नये. माझी सवय सांगतो. संध्याकाळी एकदा दूरदर्शन किंवा आकाशवाणीचं बातमीपत्र, कारण तिथे ओरडत नाहीत. रॉयटर्स, एपीसारख्या वृत्तसंस्थांनी काय म्हटलंय ते फोनवर. आणि सकाळी पाव घेऊन पोदेर येऊन गेला की पेपर. युद्धाची बातमी ही मासळी नव्हे, रात्रभर ठेवली म्हणून नासत नाही. रात्री दहाला ‘ताब्यात घेतलं’ असलेलं शहर सकाळच्या पानावर पुष्कळदा नसतंच.

चर्चेतल्या निवृत्त अधिकाऱ्यांबद्दल विचाराल तर नकाशा समजावून सांगणारे ऐकावेत. आता काय होणार ते सांगणाऱ्यांच्या वेळी चहा टाकावा.

खरं कळायला किती दिवस थांबायचं?

ढोबळ घटनेला दोन-तीन दिवस, नुकसानीच्या आकड्यांना काही आठवडे. काही गोष्टींना आयुष्य जातं. ९ मार्च १९४३च्या रात्री मुरगाव बंदरात एरेनफेल्स हे जर्मन जहाज आणि शेजारची इतर जहाजं पेटून बुडाली. गोवा पोर्तुगालचा, म्हणजे तटस्थ. खलाशांनीच जहाजं पेटवली असंच तेव्हा पसरलं. कलकत्त्याहून आलेल्या मध्यमवयीन हौशी घोडेस्वारांच्या तुकडीला ब्रिटिशांनी गुपचूप पाठवलं होतं, हे १९७८ साली जाहीर झालं.

लहान मुलं घरात असताना टीव्ही लावावा का?

बातम्या संपल्यावर बंद करावा. मुलांना तेच दृश्य पुन्हा दाखवलं की तो नवा हल्ला वाटतो. आजी-आजोबांचंही काही वेळा तसंच होतं.

खोट्या बातमीची तक्रार करता येते का?

येते, आणि करावी. आधी वाहिनीकडेच लेखी तक्रार द्यायची. तारीख, वेळ, कार्यक्रमाचं नाव आणि शक्य असेल तर पडद्याचा फोटो जोडा. नियमाप्रमाणे २४ तासांत पोच आणि १५ दिवसांत उत्तर मिळायला हवं. समाधान झालं नाही तर पुढच्या १५ दिवसांत ती वाहिनी ज्या स्वनियमन संस्थेची सभासद आहे तिथे अपील करता येतं. बऱ्याच मोठ्या वृत्तवाहिन्यांसाठी ती संस्था म्हणजे एनबीडीएसए (न्यूज ब्रॉडकास्टिंग अँड डिजिटल स्टँडर्ड्स ऑथॉरिटी). ती माफी दाखवायला लावू शकते, व्हिडिओ काढून टाकायला लावू शकते आणि दंड करू शकते. दंडाची रक्कम मोठ्या वाहिनीच्या दृष्टीने फारशी नसते, हे खरं आहे. पण माफीची पट्टी त्यांना झोंबते. अर्ज मराठीतून लिहिला तर सोबत इंग्रजी भाषांतर जोडा. वाचनालयात संध्याकाळी कुणी ना कुणी ते करून देतं.